इतिहासाच्या टेबलावर कादंबऱ्याच का? (कला, इतिहास, राजकारण चाळताना)

सड्यावरची

नमस्कार मंडळी.

राजापुरात सध्या ग्रंथप्रदर्शन लागलंय. आमच्या गावच्या वाचनालयाच्या पुस्तक निवड समितीत मी आहे. यंदा भांडून मंजूर करून घेतलंय की अनुदानातला थोडा भाग कला, इतिहास आणि राजकारणावरच्या पुस्तकांसाठी बाजूला काढायचा. एरवी मार्च तोंडावर आला की विक्रेता गठ्ठा बांधून पाठवतो, आम्ही यादीवर सह्या करतो आणि त्यातली निम्मी पुस्तकं वर्षभर न उघडता कपाटात बसतात.

तर काल पिशवी घेऊन गेले. इतिहासाचं टेबल सगळ्यात मोठं. वरच्या थरात उधळलेला घोडा, उगारलेली तलवार आणि मागे भगवं आभाळ अशी मुखपृष्ठं ओळीने. सगळ्या कादंबऱ्या! त्यांच्या खाली, कणा आत वळवलेला, इतिहासकार त्र्यंबक शंकर शेजवलकरांचं 'पानिपत १७६१'. एकच प्रत, वरच्या कडेला धूळ. शेजवलकर मूळचे कशेळीचे, म्हणजे आमच्याच तालुक्यातले. त्यांच्या तालुक्यात त्यांना ही जागा.

कलेच्या टेबलावर रांगोळी, मेंदी, एलिमेंटरी-इंटरमिजिएटची मार्गदर्शकं आणि प्लास्टिकमध्ये बंद केलेली दोन जाडजूड चित्रपुस्तकं. राजकारण म्हणजे मुखपृष्ठावर हात जोडलेले नेते, आणि उरलेल्या जागेत एमपीएससीची गाईडं.

विचारायचं असं, की उभ्या उभ्या दहा मिनिटांत असं पुस्तक कसं जोखता? कादंबरीचं पहिलं पान वाचून अंदाज येतो, इथे येत नाही. आणि किनारपट्टीवरच्या छोट्या वाचनालयात तुम्ही यातलं काय ठेवाल?

दर्यासारंग७४

कादंबऱ्या उचलून दुसऱ्या टेबलावर ठेवायच्या आणि साळसूदपणे निघून जायचं. मी करतो.

घाटावरचा_भाऊ

मी पुस्तक मागून उघडतो. संदर्भसूची आहे का, नामसूची आहे का, नकाशा आहे का. सूची नसलेलं साडेचारशे पानी इतिहासाचं पुस्तक मी परत ठेवतो, लेखक कितीही मोठा असो. मग सूचीत आपल्याला पक्कं माहीत असलेलं एखादं गाव शोधायचं आणि तेवढंच पान वाचायचं. आपल्या गावाबद्दल लेखक गडबडला असेल तर दिल्लीबद्दल त्याच्यावर का विश्वास ठेवायचा?

दुसरं म्हणजे आवृत्ती. उदाहरण कोकणातलंच देतो. पेणजवळच्या वरसईचे विष्णुभट गोडसे १८५७ च्या धामधुमीत उत्तरेत अडकले, झाशीचा वेढा त्यांनी आतून पाहिला. 'माझा प्रवास' १९०७ मध्ये चिंतामण विनायक वैद्यांनी छापलं, पण मजकुरावर हात फिरवून. मूळ हस्तलिखिताबरहुकूम आवृत्ती दत्तो वामन पोतदारांनी काढली ती १९६६ ची. बाजारात दोन्हींवरून काढलेल्या स्वस्त प्रती फिरतात आणि कित्येकींवर संपादकाचं नावच नसतं. त्यामुळे मुखपृष्ठ बघण्याआधी त्याच्या मागचं पान बघा. आपण गोडसे भटजी वाचतोय की वैद्य, हे तिथे कळतं.

मालवणी_खाजा

ओ भाऊ, तुमी दहा मिनटां उभ्यान वाचतास? आमच्याकडे दोन मिनटां झाली की दुकानदार विचारता, "घेतलास काय?" मागसून उघडलंय तर म्हणतलो, "बाबा, शेवट वाचून ठेवतंस तर पैशे दी."

आणि खरा सांगू? माका इतिहासाचा पुस्तक घेतला की झोप येता. औषध म्हणान चांगला.

काजूबी

@सड्यावरची, धागा छान, पण कादंबऱ्यांवर एवढा राग का? त्यांचं टेबल चुकलंय हे मान्य. पण कादंबरीमुळेच माणसं इतिहासाकडे वळतात, त्याचं आपल्या रत्नागिरीतलं उदाहरण आहे. ब्रह्मदेशच्या थिबा राजाला इंग्रजांनी १८८५ मध्ये पदच्युत केलं, पुढच्या वर्षी रत्नागिरीत आणून ठेवलं आणि १९१६ मध्ये तो इथेच वारला. त्याच्या राजवाड्यावरून आपण रोज जातो, पण त्या कुटुंबाचं पुढे काय झालं हे कुणी नीट लिहिलं नव्हतं. अमिताव घोष यांची 'द ग्लास पॅलेस' वाचून सुधा शाह यांना तो प्रश्न पडला आणि त्यांनी शोध घेत 'द किंग इन एक्झाइल' लिहिलं. २०१२ साली आलं. थिबाच्या चारही राजकन्यांचं पुढचं आयुष्य त्यात आहे. कादंबरी नसती तर ते पुस्तक झालं असतं का?

घाटावरचा_भाऊ

@काजूबी, सुधा शाह यांनी कादंबरी वाचून पुढे कागदपत्रं धुंडाळली. आपल्याकडे बहुतेक लोक कादंबरी वाचतात आणि तिथेच थांबतात. मग व्हॉट्सॲपवर कादंबरीतले संवाद अस्सल पत्र म्हणून फिरतात. शेजवलकर पानिपतच्या रणभूमीवर स्वतः हिंडून आले, रसद, वाटा, पाणी यांचा हिशोब मांडला. त्यांचं पुस्तक खाली दबलेलं आणि संवाद वर, हे मला खटकतंच.

दर्यासारंग७४

+१. शिवाय शेजवलकर कोणालाच खूश करत नाहीत. पेशव्यांचे अभिमानी चिडतात, विरोधकही चिडतात. पुस्तक विकत घेण्याचं याहून चांगलं कारण मला सुचत नाही.

काजूबी

तेही खरं. पण भाऊ, तुमची सूचीची अट लावली तर मराठीतली निम्मी चांगली पुस्तकं बाद होतील. आत्मचरित्रांना कुठे सूची असते? धोंडो केशव कर्व्यांचं 'आत्मवृत्त' घ्या, १९१५ चं. दापोलीच्या मुरूडचा पोरगा घाट चढून चालत साताऱ्याला परीक्षेला जातो आणि तिथले साहेब "वय लहान दिसतं" म्हणून बसू देत नाहीत. सरळ, कोरड्या भाषेत सांगितलंय, कुठे रडगाणं नाही. तेव्हा कोकणात शिकणं म्हणजे काय होतं ते त्या पानांत जसं कळतं तसं शिक्षणाच्या इतिहासाच्या पाठ्यपुस्तकात कळणार नाही.

खोताचा_पणतू

कोकणचा इतिहास म्हणाल तर घरोघरचे कुलवृत्तांत विसरू नका. आमच्या आडनावाचा आमच्याकडे आहे. दहा-बारा पिढ्यांची नावं, कोण कुठल्या गावी गेला, कोणाला कुठली वतनं, सगळं. असं जतन केलेलं दुसरीकडे क्वचित दिसेल.

बंदरावरचा

@खोताचा_पणतू, नाव वाचून हसलो (दिवा घ्या, म्हणजे गमतीत घ्या). कुलवृत्तांत जरूर ठेवा, पण त्यात तुमची जमीन कसणाऱ्यांची नावं आहेत का? माझे पणजोबा खोताकडे कूळ होते. आमच्या घरात लिहिलेलं काहीच नाही. आजी सांगायची तेवढं.

म्हणून राजकारणाच्या टेबलावर मी खोतीविषयी, म्हणजे कोकणातल्या सारावसुलीच्या जुन्या जमीनदारीविषयी, काय आहे ते आधी शोधतो. अलिबागजवळच्या चरीत नारायण नागू पाटलांच्या पुढारपणाखाली शेतकऱ्यांनी खोतांविरुद्ध संप करून १९३३ ते १९३९ अशी सहा वर्षं जमिनी पडीक ठेवल्या. सहा वर्षं भात न लावता त्या घरांनी कसं भागवलं असेल हा प्रश्न मला अजून सुटत नाही. बाबासाहेबांनी १९३७ मध्ये मुंबई विधिमंडळात खोती नष्ट करण्याचं विधेयक आणलं. कायदा झाला तो १९४९ चा. शाळेत आम्हाला महाडचा सत्याग्रह होता, २० मार्च १९२७ ही तारीख पाठ होती. चरीचं नावही कोणी घेतलं नाही. रायगड जिल्ह्यात शिकून!

खोताचा_पणतू

@बंदरावरचा, मुद्दा बिनतोड. कुलवृत्तांतात कुळांची नावं नाहीत. हिशोबाच्या जुन्या वह्यांत आहेत, कोणी किती मण भात घातलं ते. माळ्यावर पडल्यात, वाळवीने निम्म्या खाल्ल्या. तुमचं गाव कुठलं? व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा.

बंदरावरचा

केलाय व्यनि.

मालवणी_खाजा

बगा, पुस्तकां ऱ्हवली बाजूक, हय जमिनीचो निकाल लागतलो. माझ्या काकाची केस पण घेवा रे, तीस वर्सां कोर्टात आसा.

सुरंगी

कलेच्या टेबलाकडे कोणी फिरकलंच नाही अजून! मी सावंतवाडीकडची, चित्रकला शिकवते.

चित्रपुस्तक प्लास्टिकमध्ये असेल तर विक्रेत्याकडे उघडी प्रत मागायची. नसेल तर त्याच्यासमोर फोडायला सांगायचं. हजार-दोन हजारांची वस्तू न बघता घ्यायची नाही. उघडल्यावर मी चित्रांच्या आधी चित्रांखालच्या ओळी बघते. चित्राचं नाव, माध्यम, मापं, साल, सध्या कुठे आहे, एवढं दिलं असेल तर पुस्तक करणाऱ्याने मेहनत घेतलीय. नुसतं "एक सुंदर निसर्गदृश्य" असेल तर ते कॅलेंडर. मग छपाई. माणसाच्या कातडीचा रंग बघा. सगळे चेहरे तांबूस किंवा हिरवट दिसले तर बाकी रंगांवरही भरवसा ठेवू नका. एक चित्र दोन पानांवर पसरलं असेल तर मधली शिवण चेहऱ्यावरून जातेय का तेही बघायचं. असं चित्र शिकवायला काही उपयोगाचं नाही.

पण मराठीत कलेवरचं उत्तम पुस्तक चित्रांचं असेलच असं नाही. प्रभाकर बरव्यांचं 'कोरा कॅनव्हास' घ्या. बरवे जन्माने नागावचे, अलिबागजवळचे. चित्र काढणारा माणूस विचार कसा करतो ते मराठीत इतक्या स्वच्छ लिहिलेलं मी दुसरं वाचलं नाही. मुलांना त्यातला एखादा परिच्छेद वाचून दाखवते आणि मग समोर नुसती किल्ली किंवा पान ठेवते. पहिला तास कोणी काही काढत नाही, बघत बसतात. तो माझा आवडता तास.

काजूबी

@सुरंगी, तुमच्या सावंतवाडीच्या गंजिफांवर, म्हणजे त्या गोल रंगीत पत्त्यांवर, काही आहे का? भेट म्हणून एक जोड घेतली होती, खेळायचं कसं ते कोणालाच माहीत नाही.

सुरंगी

दशावतारी गंजिफेत १२० पानं. दहा अवतारांचे दहा रंग, प्रत्येकात राजा, प्रधान आणि एक्का ते दश्शी. अर्ध्या रंगांत दश्शी मोठी, अर्ध्यांत एक्का मोठा, म्हणून नवीन माणूस गोंधळतो. २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. शोभेची वस्तू म्हणून खूप खपतात. खेळाचे नियम सांगणारं सोपं, सचित्र मराठी पुस्तक मात्र आमच्या दुकानांत मला कधी दिसलं नाही. पिंगुळीच्या चित्रकथीचं तेच. चित्रं दाखवत कथा सांगण्याची ठाकर समाजाची ही कला, परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये पद्मश्री जाहीर झाली, पर्यटक येतात, फोटो काढतात. त्या पोथ्यांतली सगळी चित्रं क्रमाने, कथेसकट छापलेला परवडणारा ग्रंथ मला द्या, मी दोन प्रती घेते.

अवांतर: अलिबागकडे गेलात तर सासवण्याला शिल्पकार विनायक पांडुरंग करमरकरांचं संग्रहालय बघा. पुण्यातला १९२८ चा शिवाजी महाराजांचा अश्वारूढ पुतळा त्यांचाच. पण मला त्यांची 'मत्स्यगंधा' जास्त आवडते. कोळीण कशी उभी राहते हे किनाऱ्यावर वाढलेल्या माणसालाच ठाऊक.

वाशिष्ठीकाठ

आमचं घर चिपळुणात नदीपासून जवळ. २२ जुलै २०२१ नंतर मी पुस्तकं वेगळ्या नजरेने निवडतो, म्हणून लिहितो.

पाणी ओसरल्यावर कपाट उघडलं तर खालचे दोन कप्पे चिखलात. जुन्या साध्या कागदाची पुस्तकं पंख्याखाली उभी करून, पानांत वर्तमानपत्र घालून, चार-सहा दिवसांत वाचण्याजोगी झाली. डाग राहिले, वास राहिला, पण अक्षर शाबूत. चित्रांची पुस्तकं चकचकीत कागदाची. ती वाळताना पानं एकमेकांना चिकटली आणि वीट झाली. सोडवायला गेलं की चित्राचा थरच निघून समोरच्या पानाला लागायचा. एकही वाचलं नाही.

लोकमान्य टिळक स्मारक वाचन मंदिरातही पाणी शिरलं होतं. १८६४ पासूनची संस्था. तिथल्या जुन्या ग्रंथांचं काय झालं असेल या विचाराने गावातली माणसं स्वतःच्या घरातला चिखल टाकून चौकशीला जात होती.

तेव्हा @सड्यावरची, तुमच्या समितीला सांगा की जे पुन्हा छापलं जाणार नाही ते आधी घ्या आणि वरच्या फळीवर ठेवा. कादंबऱ्या खाली. त्या परत मिळतात.

दर्यासारंग७४

कादंबऱ्या खाली ठेवण्याचं अखेर सर्वमान्य कारण सापडलं!

तिठा

उशिरा आलो, पण एक फुकटचा सल्ला. विकत घेण्याआधी महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाचं संकेतस्थळ बघा. कित्येक ग्रंथ पीडीएफमध्ये मोफत उतरवून घेता येतात. जिल्ह्यांची गॅझेटियरंही सरकारने ऑनलाइन टाकलीत. रत्नागिरी-सावंतवाडीचं १८८० चं, कुलाबा-जंजिऱ्याचं १८८३ चं. साहेबाच्या नजरेने लिहिलेली आहेत, जातींबद्दलची वाक्यं वाचून कान तापतात. पण कोणत्या बंदरातून काय माल जात होता, कुठल्या खाडीत गलबत किती आत यायचं, हे तिथेच मिळेल. फुकट मिळतं त्यावर अनुदान कशाला घालवायचं?

बंदरावरचा

आमच्या वाचनालयात येणारे आजोबा पीडीएफ वाचत नाहीत हो. आणि गॅझेटियर मोबाईलवर वाचून दाखवा एकदा, तक्ता उजवीकडे सरकवता सरकवता डोळे जातात.

राजकारणाचं एक राहिलं. कोकणचं राजकारण कोकणातच शोधलं तर अर्धं सापडेल. मनिऑर्डर यायची ती परळ-लालबागहून. मीना मेनन आणि नीरा आडारकर यांनी गिरणगावातल्या माणसांच्या मुलाखती घेऊन मोठं पुस्तक केलंय, मराठीतही आहे. १९८२ चा संप त्यात कामगारांच्या तोंडून येतो. आमच्या घरी त्या संपानंतर वडील परत आले आणि भाताला लागले. हे पुस्तक कोकणच्या फळीवर हवंच.

घाटावरचा_भाऊ

सहमत. आणि नेत्यांच्या चरित्रांबद्दल माझी कसोटी अशी, की नेता हरलेल्या निवडणुकीचं प्रकरण किती पानांचं आहे ते बघायचं. नसेलच तर तो गौरवग्रंथ.

मालवणी_खाजा

आणि फोटोत लेखक नेत्याच्या किती जवळ उभो आसा तां पण.

तिठा

राजापूर मतदारसंघाने आधी नाथ पै आणि मग मधु दंडवते लोकसभेत पाठवले. दोघांची संसदेतली भाषणं वाचा म्हणावं आजच्या मंडळींना. (रत्नागिरीचा इतिहास म्हणता म्हणता सावरकरांचं नाव अजून कोणी काढलं नाही, आश्चर्य आहे.)

संपादक

कोणी काढूही नका. मागच्या वेळी दोनशे प्रतिसाद झाले आणि विषय होता आंब्याची पेटी.

सड्यावरची

सगळ्यांचे आभार, समितीपुढे ठेवायला भरपूर मालमसाला मिळाला.

माझी एक अडचण अशी की कातळशिल्पांवरचं पुस्तक कुठल्या टेबलावर शोधायचं? आमच्या सड्यावर, म्हणजे कातळाच्या पठारावर, देवाचे गोठणे, बारसू, देवीहसोळ, सगळं आसपास. कशेळीचा हत्ती तर एवढा मोठा की उभं राहून एका नजरेत मावत नाही. २०२२ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या तात्पुरत्या यादीत आली म्हणून इतिहास म्हणावं, तर ज्या बारसूच्या सड्यावर ती आहेत तिथेच २०२३ मध्ये रिफायनरीच्या माती परीक्षणावरून रण पेटलं, ते राजकारण. आणि जांभ्यात कोरलेली रेषा बघितली की @सुरंगी म्हणतील कला. विक्रेत्याला विचारलं तर म्हणाला, "पर्यटनात बघा." तिथे खरंच होतं, हॉटेलांच्या यादीबरोबर.

सुरंगी

मी कलाच म्हणणार. कोणी कोरली, कशासाठी, हे नक्की ठाऊक नसलं तरी रेषेला हात कसा वळलाय ते दिसतं. संध्याकाळी ऊन तिरपं असताना बघा. दुपारी सपाट दिसतात.

बंदरावरचा

आणि जमीन कोणाच्या नावावर आहे ते सातबाऱ्यावर बघा, म्हणजे राजकारणही कळेल.

काजूबी

मग खरेदी काय केलीत ते तर सांगा!

सड्यावरची

आज पुन्हा गेले, समितीचे अध्यक्ष बरोबर. शेजवलकर घेतले. 'आत्मवृत्त' घेतलं. गोडसे भटजींच्या दोन प्रती होत्या. भाऊंचं ऐकून आतलं पान बघितलं, एकीवर संपादकाचं नावच नव्हतं, ती परत ठेवली. दुसरी घेतली. 'कोरा कॅनव्हास' नव्हतं, मागवतो म्हणाले. गिरणगावचं पण मागवायला सांगितलंय. कातळशिल्पांचं हॉटेलांतून सोडवून आणलं.

चित्रपुस्तकाचं प्लास्टिक फोडायला विक्रेता तयार होईना. अध्यक्षांनी आवाज चढवल्यावर फोडलं. चेहरे हिरवे निघाले. परत दिलं. आता तो आमच्याशी बोलत नाही.

अध्यक्षांनी स्वतःच्या हट्टाने पानिपतावरची कादंबरीही पिशवीत टाकली. म्हणाले, वाचक आधी तीच मागणार, मग तुमचे शेजवलकर त्याच्या हातात द्या. मी विक्रेत्याला विचारलं की कादंबऱ्या इतिहासाच्या टेबलावर का, तर म्हणाला, "ताई, वेगळं टेबल लावलं तर इतिहासाच्या टेबलाशी कोण थांबणार?" यावर मला काही बोलता आलं नाही.

घाटावरचा_भाऊ

बोलायचं ना! उलट करून बघा म्हणावं, शेजवलकर वर आणि कादंबरी खाली, एक दिवस.

दर्यासारंग७४

उद्या मी जातोय. करून येतो.

मालवणी_खाजा

फोटो काडून टाक हां. आणि पकडलो तर आमचा नाव सांगू नको.

तिठा

प्रदर्शन कधीपर्यंत आहे? रविवारी सकाळच्या एसटीने येऊ म्हणतो.

सड्यावरची

रविवारपर्यंतच. दहाला उघडतं. पण दुपारी एक ते चार यायचं नाही, विक्रेते जेवून तिथेच टेबलांखाली झोपतात.